कालज्ञानाची पोथी

जुन्या पोथ्यांच्या शोधांत जो हिंडतो त्यास एक गोष्ट गांवोगांवीं ऐकावी लागते. अमक्याच्या माळ्यावर पूर्वीं एक पोथी होती. तींत मागच्या व पुढच्या सर्व काळाचें ज्ञान लिहिलेलें होतें. तींतले दोन श्लोक वाचून पणजोबा पाऊस केव्हां थांबेल तें सांगत. पुढें ती पोथी कोणी मागून नेली, किंवा वाळवीनें खाल्ली, किंवा भाऊबंदकींत तिचीं पानें वांटलीं गेलीं. ही गोष्ट आम्हीं इतक्या ठिकाणीं ऐकली आहे कीं सांगणाराच्या अगोदर तिचा शेवट आम्हांस ठाऊक असतो. पोथी मात्र अद्यापि एकदांहि दृष्टीस पडलेली नाहीं.

महाड तालुक्यांतील तळीये या गांवीं ती पुन्हां ऐकण्याचा योग आला, तेव्हां तींत नवें असें कांहींच नव्हतें. परंतु तेथें नेहमींचें हंसूं आलें नाहीं. सांगणारे गृहस्थ वृद्ध होते. पोथीची कथा संपवून ते म्हणाले, “पुण्यास पोथ्यांचीं मोठीं कपाटें आहेत म्हणतात. त्यांत काळाची पोथी असेलच. तुम्ही वाचणारे लोक. तींत आमचा तो दिवस होता का, एवढें पाहून कळवाल का?”

तो दिवस म्हणजे २२ जुलै २०२१. पाऊस थांबत नव्हता. वर महाबळेश्वरास दुसर्‍या दिवशीं सकाळपर्यंतच्या चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस मोजला गेला, आणि त्याच पठारावर उगम पावणारी सावित्री पोलादपूर व महाड यांच्या अंगावरून वाहते. महाड शहर पाण्याखालीं गेलें, रस्ते बंद झाले. दुपार कलल्यावर तळीयेची कोंढाळकरवाडी वरून सुटलेल्या डोंगराखालीं गाडली गेली. ऐंशींहून अधिक माणसें गेलीं. त्यांतील कांहींचीं शरीरेंहि हातीं लागलीं नाहींत. त्याच पावसांत पोलादपूर तालुक्यांत केवनाळे व साखर सुतारवाडी येथें दरडी कोसळल्या. मदतीचीं पथकें तळीयेस पोंचलीं तों दुसरा दिवस उजाडला होता.

असा दिवस ज्याच्या दारावरून गेला त्यानें “तो पोथींत होता का” असें विचारावें, यांत भोळेपणा नाहीं. तो लिहिलेला असेल तर निदान त्यास कांहीं नियम होता असें म्हणतां येतें. आणि लिहिलेला असून कोणी वाचला नसेल तर दोष कोणाचा तेंहि ठरतें. प्रश्नांत इतकें सर्व भरलेलें आहे. तेव्हां त्यास उत्तर देणें आम्हांस भाग वाटलें, आणि तें देण्यासाठीं, माळ्यावरची पोथी सोडून, जी पोथी खरोखर उपलब्ध आहे ती उघडणें भाग झालें.

काळाच्या शास्त्राचा आपल्याकडचा सर्वमान्य ग्रंथ सूर्यसिद्धांत. त्याच्या उत्पत्तीची कथा कोणत्याहि माळ्यावरच्या पोथीस हार जाणारी नाहीं. कृतयुगाच्या अखेरीस मयासुरानें तप केलें, सूर्य प्रसन्न झाला, आणि स्वतःचें तेज कोणास सोसवणार नाहीं म्हणून त्यानें आपल्या अंशापासून झालेल्या एका पुरुषाकडून मयास हें ज्ञान सांगविलें. इतक्या गूढ आरंभानंतर वाचकाची अपेक्षा असते कीं आतां भविष्याचा पडदा उघडेल. परंतु हा ग्रंथ आरंभींच एक भेद करून मोकळा होतो. काळ दोन प्रकारचा: एक लोकांचा अंत करणारा, आणि दुसरा मोजतां येणारा. मोजतां येणार्‍याचे पुन्हां दोन भाग, स्थूल व सूक्ष्म. प्राणापासून पुढचा, म्हणजे एका श्वासापासून पुढचा, तो व्यवहारांतला स्थूल काळ, आणि त्रुटीसारखा अतिसूक्ष्म तो अमूर्त. सहा प्राणांचें एक पळ, साठ पळांची एक घटका, साठ घटकांचा एक अहोरात्र. येथून पुढें सबंध ग्रंथ या दुसर्‍या, मोजण्याच्या काळाचाच आहे. अंत करणार्‍या काळाचें नांव घेऊन ग्रंथकार त्यास नमस्कार केल्याप्रमाणें बाजूस ठेवतो, व पुन्हां त्याच्या वाटेस जात नाहीं. आमच्या मतें हा भेद त्या ग्रंथांतील सर्वांत शहाणपणाचा भाग आहे, आणि माळ्यावरच्या पोथीची कथा जेथें जेथें सांगतात तेथें नेमका हाच विसरलेला असतो.

आतां याच परंपरेंतला दुसरा एक ग्रंथ घेऊं. त्यासाठीं रायगड जिल्ह्याच्या बाहेर जाण्याचेंहि कारण नाहीं. तळीये जिल्ह्याच्या डोंगराकडच्या अंगास आहे, तर समुद्राकडच्या अंगास, जंजिर्‍याच्या उत्तरेस, नांदगांव आहे. केशव दैवज्ञ व त्यांचे पुत्र गणेश दैवज्ञ यांचें नंदिग्राम तें हेंच, असें शंकर बाळकृष्ण दीक्षितांनीं आपल्या ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ या १८९६ च्या ग्रंथांत ठरविलें. दीक्षित स्वतः मुरुडचे, पण तें मुरुड दापोलीचें, जंजिर्‍याजवळचें नव्हे. दोन मुरुडांचा हा घोळ आम्हीं चांगल्या चांगल्या लेखकांच्या हातून झालेला पाहिला आहे. नंदिग्राम म्हणजे गुजरातेंतील नांदोद, असें डेव्हिड पिंग्री या अमेरिकन पंडितानें पुढें लिहिलें आहे. परंतु ग्रंथकारांच्या कुळानेंच आपलें गांव पश्चिम समुद्राच्या तीरीं सांगितलेलें असतां नांदोदासारख्या समुद्रापासून दूरच्या गांवीं जाण्याचें प्रयोजन आम्हांस दिसत नाहीं.

गणेश दैवज्ञांविषयीं एक दंतकथा आहे. वडिलांनीं वर्तविलेलें एक ग्रहण चुकलें. दरबारीं थट्टा झाली. खिन्न होऊन केशव दैवज्ञ नांदगांवच्या गणपतीपुढें बसले. तेव्हां देवानें सांगितलें कीं, आतां तुझ्यानें हें काम होणार नाहीं, मीच तुझ्या पोटीं येऊन तें करीन. त्याप्रमाणें पुत्र झाला, त्याचें नांव गणेश ठेविलें, आणि त्यानें वयाच्या तेराव्या वर्षीं ‘ग्रहलाघव’ हा ग्रंथ केला. तेराव्या वर्षाची गोष्ट ज्यास मानावयाची त्यानें मानावी. ग्रंथाचें वर्ष मात्र निश्चित आहे, शके १४४२, म्हणजे इसवी सन १५२०. या दंतकथेंत आम्हांस महत्त्वाचें वाटतें तें देवाचें अवतरणें नव्हे. कथेचा आरंभ चुकलेल्या ग्रहणापासून होतो, हें तें महत्त्व. लोकांच्या आठवणींतसुद्धां हा ग्रंथ एका चुकीपोटीं जन्मास आलेला आहे.

आणि तें खरेंच आहे. केशव दैवज्ञांनीं शके १४१८ मध्यें ‘ग्रहकौतुक’ केलें. त्यावरील स्वतःच्याच टीकेंत त्यांनीं जुन्या ग्रंथांप्रमाणें काढलेले ग्रह आकाशांत कोठें कोठें जुळत नाहींत तें सांगितलें, आणि पुढच्या गणितज्ञांनींहि असेंच आकाश पाहून फरक काढीत जावें अशी सूचना करून ठेविली. मुलानें बापाची सूचना अक्षरशः पाळली. ग्रहलाघवाच्या आरंभीं एक श्लोक आहे. त्याच्याइतका धीट श्लोक आपल्या शास्त्रग्रंथांत फार थोडा सांपडेल. त्यांत गणेश दैवज्ञ सांगतात कीं, सूर्य व चंद्राचें उच्च हीं सौरपक्षाचीं घ्यावीं. चंद्र सौरपक्षाचाच, पण नऊ कला कमी करून. गुरु, मंगळ व राहु आर्यपक्षाचे. बुधाचें केंद्र ब्राह्मपक्षाचें. शनि आर्यपक्षाचा, पण पांच अंश वाढवून. आणि शुक्राचें केंद्र ब्राह्म व आर्य यांच्या बरोबर मध्यावर. असें केलें म्हणजे ग्रह डोळ्यांस दिसतात तसे येतात.

वाचकानें याचा अर्थ क्षणभर मनांत आणावा. सौरपक्ष म्हणजे सूर्यानें सांगितलेला, ब्राह्मपक्ष म्हणजे ब्रह्मदेवाच्या नांवानें चाललेला, आर्यपक्ष म्हणजे आर्यभटाचा. या तिघांपैकीं एकालाच प्रमाण मानून बाकीच्यांस खोटें ठरविणारे पंडित पुष्कळ झाले. गणेश दैवज्ञ तिघांनाहि समोर बसवितात, आणि रात्रीं आकाशाकडे पाहून प्रत्येकापासून जेवढें खरें उतरतें तेवढेंच घेतात. सूर्याच्या चंद्रांतून नऊ कला वजा करावयास ते कचरत नाहींत, व शुक्राच्या बाबतींत ब्रह्मदेव आणि आर्यभट यांची तडजोड करून देतात. देवांच्या पोथ्यांस असा जाबसाल विचारणारा मनुष्य कोंकणांत होऊन गेला, आणि लोकांनीं त्यालाच देवाचा अवतार ठरविलें, ही मौज आहे.

त्यांच्या ग्रंथाची दुसरी कीर्ति सोपेपणाची. कलियुगाच्या आरंभापासून दिवस मोजूं लागलें तर आज ती संख्या अठरा लक्ष सत्तर हजारांवर जाते; एवढ्या आंकड्यांचे गुणाकार पाटीवर करतांना कोणीहि चुकेल. गणेश दैवज्ञांनीं अकरा वर्षांचें, ४०१६ दिवसांचें, एक चक्र कल्पिलें. चालू शकांतून १४४२ वजा करावे, अकरानें भागावें. भागाकार तीं चक्रें, बाकी तीं वर्षें. शके १९४३ घेतला तर ४५ चक्रें व ६ वर्षें. मग दिवसांची संख्या कधींहि ४०१६ च्या पलीकडे जात नाहीं. शिवाय ज्या, चाप यांचीं कोष्टकें त्यांनीं अजीबात टाकलीं. पूर्वीच्या लोकांनीं एखादें बारीकसें काम ज्येवांचून करून दाखविलें तरी अभिमान धरला, मीं तर सगळेंच केलें, असें ते ग्रंथाच्या शेवटीं म्हणतात. अभिमानाची निंदा करतां करतां स्वतःचा थोडा मिरवून घेतात! ‘तिथिचिंतामणी’च्या त्यांच्या कोष्टकांनीं तर वर्षाचें पंचांग करणें हें केवळ बेरजांचें काम झालें. त्यामुळें ज्या जोशाला गोल म्हणजे काय तें ठाऊक नाहीं तोहि पंचांग करूं लागला. हा लाभ कीं हानि, याविषयीं विद्वानांत दोन मतें आहेत. आमचें मत असें कीं गांवच्या जोशाला गणित सोपें करून दिलें याबद्दल गणेश दैवज्ञांस दोष देणें, म्हणजे पायवाट बांधणार्‍यास वाटसरूच्या पायांतल्या कांट्याबद्दल दोष देणें होय. त्यांचे शिष्य गोलग्रामचे दिवाकर. दिवाकरांचे पुत्र मल्लारि व विश्वनाथ यांनीं ग्रहलाघवावर टीका केल्या, आणि हा कोंकणी ग्रंथ काशीच्या पाठशाळांत गेला.

परंतु ज्यासाठीं आम्हीं ही पोथी उघडली ती गोष्ट पुढेंच आहे. ‘बृहत्तिथिचिंतामणि’ या नांवाचा दुसरा एक ग्रंथ त्यांनीं उतारवयांत, शके १४७४ मध्यें केला. त्यांत ते आपल्या शास्त्राचा वृत्तांत देतात. ब्रह्मा, वसिष्ठ, कश्यप आदिकरून थोरांनीं जें ग्रहांचें गणित सांगितलें तें त्या त्या काळापुरतेंच खरें होतें. फार काळ गेल्यावर तें ढिलें पडलें. मग दुसर्‍यानें तें घट्ट केलें; तेंहि ढिलें पडलें. अशी मालिका आपल्या वडिलांपर्यंत आणून, वडिलांचें गणितहि कांहीं वर्षांनीं सुटूं लागलें तेव्हां तें आपण दुरुस्त केलें, असें ते सांगतात. आपल्या आधीं हें इतक्या वेळां झालें, तर आपल्यामागूनहि होणार, हें त्यांस न कळण्याजोगें नव्हतें. जगांतल्या गूढ म्हणविणार्‍या पोथ्या स्वतःस सनातन म्हणवितात. काळाची ही खरी पोथी मात्र काळाविषयीं पहिली गोष्ट हीच सांगते कीं, मी त्या त्या काळापुरती.

ती कशी ढिली पडते तें एका उदाहरणानें पाहतां येईल. तें कोंकणांतल्या प्रत्येक शेतकर्‍याच्या ओळखीचें आहे. सूर्यसिद्धांताचें वर्ष ३६५ दिवस, १५ घटका, ३१ पळें व कांहीं विपळें इतकें. तार्‍यांशीं ताडून पाहिलें तर तें साडेतीन मिनिटांहूनहि कमीच चुकतें, आणि इतक्या जुन्या काळीं इतकें सूक्ष्म मान निघालें याचा कोणासहि अभिमान वाटावा. पण ऋतु तार्‍यांप्रमाणें चालत नाहींत; अयनबिंदु मागें सरकत असतात. ऋतूंच्या वर्षाशीं ताडलें असतां हें वर्ष सुमारें चोवीस मिनिटांनीं, म्हणजे जवळजवळ बरोबर एका घटकेनें, मोठें आहे. जुन्या लग्नघरांत घंगाळांत तांब्याचें घटिकापात्र सोडीत, आणि त्याच्या बुडाच्या बारीक छिद्रांतून पाणी शिरून तें बुडलें कीं एक घटका झाली असें मानीत. तेवढी ती घटका. साठ वर्षांत अशा साठ घटका होतात, म्हणजे एक अहोरात्र. प्रभव-विभवादि साठ संवत्सरांचें एक चक्र फिरतें तेवढ्यांत पावसाचीं नक्षत्रें ऋतूच्या मानानें एक दिवस पुढें गेलेलीं असतात.

गणेश दैवज्ञांस हें ठाऊक होतें. शकांतून ४४४ वजा करून साठांनीं भागावें, म्हणजे अयनांश येतात, असा सोपा नियम त्यांनींच दिला. त्या नियमानें त्यांच्या वेळचे अयनांश १६ अंश ३८ कला. तळीयेच्या वर्षीं, शके १९४३ मध्यें, २४ अंश ५९ कला. अंतर आठ अंशांहून अधिक, म्हणजे आठ दिवसांहून अधिक. आजच्या दिनदर्शिकेच्या भाषेंत बोलावयाचें तर हल्लीं ७–८ जूनला लागणारें मृग नक्षत्र त्यांच्या डोळ्यांसमोर मे महिन्याच्या अखेरीस लागत होतें. पाऊस मात्र मृगाची वाट पाहून येत नाहीं. म्हणजे पाऊस-नक्षत्रांच्या ज्या म्हणी आजोबांच्या आजोबांकडून आल्या, त्या जेव्हां बांधल्या गेल्या तेव्हांच्या दिवसांच्या आहेत. आणि गणिताचा शोध करणार्‍यानेंच ही कसर पोथींत नोंदवून ठेवलेली असतां, पोथी डोक्यावर घेणार्‍यांनीं ती वाचली नाहीं. केरो लक्ष्मण छत्रे यांनीं शके १७८७ पासून नवें पंचांग सुरू केलें, दीक्षित, केतकर, टिळक यांनीं त्या वादांत लेखण्या झिजविल्या, व अखेर मेघनाद साहांच्या समितीनंतर २२ मार्च १९५७ पासून सरकारी कामापुरता ऋतूंशीं जुळणारा शक सुरू झाला. तरी गांवांत अजून मृग तोच.

पावसाच्या नक्षत्रांस पंचांगांत वाहन सांगितलेलें असतें. यंदा आर्द्रेचें वाहन बेडूक, पुष्याचें हत्ती, असें वाचून म्हातारीं माणसें पावसाचा अंदाज बांधतात. हें वाहन निघतें कसें, तें फार थोड्यांस ठाऊक असतें. सूर्य ज्या नक्षत्रांत शिरला त्यापासून चंद्राच्या नक्षत्रापर्यंत मोजावें, नवांनीं भागावें, आणि जी बाकी उरेल तिच्याप्रमाणें घोडा, कोल्हा, बेडूक, मेंढा, मोर, उंदीर, म्हैस, गाढव, हत्ती. हत्ती म्हणजे बाकी शून्य! यांत ना ढग पाहिलेला, ना वारा. भागाकाराच्या बाकीवर बसून पाऊस येतो असें गणेश दैवज्ञांसारख्या आकाश पाहणार्‍याच्या नांवानें चालावें, हें आम्हांस त्यांच्यावर अन्याय करण्यासारखें वाटतें. तळीयेचा डोंगर सुटला तेव्हां पुष्य नक्षत्र लागून दोनतीन दिवसच झाले होते. पुनर्वसूच्या पावसास आपले लोक तरणा पाऊस म्हणतात व पुष्याच्या पावसास म्हातारा. तो म्हातारा पाऊस होता.

आतां एक गोष्ट सांगतों. ती सांगतांना आम्हांस जरा भीति वाटते, कारण अर्धीच वाचून कोणी तिची नवी पोथी करील. शके १९४३ च्या संवत्सराचें नांव प्लव. प्लव म्हणजे तराफा, तरंगणें, पूर. त्या वर्षीं महाड बुडालें. साठ वर्षें मागें गेलें कीं पुन्हां प्लव संवत्सर येतो, शके १८८३. आणि त्याच वर्षीं, १२ जुलै १९६१ रोजीं, पानशेतचें धरण फुटून पुणें बुडालें. कोणाहि कालज्ञान्यास याहून अधिक काय पाहिजे? उद्यां एखादा हुषार मनुष्य या दोन तारखा अनुष्टुभांत बसवील, कागद चहाच्या पाण्यांत बुडवून पिवळा करील, आणि २०८१ सालीं तिसरा पूर येणार म्हणून लोकांस भिववील.

परंतु पुढचें वाचलें पाहिजे. २००५ च्या जुलैच्या अखेरीस याच महाड तालुक्यांत जुई, दासगांव, रोहन, कोंडिवते येथें दरडी कोसळून शंभराहून कितीतरी अधिक माणसें गेलीं. त्या संवत्सराचें नांव पार्थिव. ३० जुलै २०१४ रोजीं आंबेगांव तालुक्यांतलें माळीण गाडलें गेलें. संवत्सराचें नांव जय. १९ जुलै २०२३ च्या रात्रीं खालापूरची इर्शाळवाडी गेली, संवत्सर शोभन. जय आणि शोभन हीं नांवें वाचून माळीणच्या व इर्शाळवाडीच्या लोकांनीं काय ओळखावें? जेथें जुळलें तें लिहून ठेवावयाचें आणि जेथें जुळलें नाहीं तें सोडून द्यावयाचें, या एकाच रीतीनें सगळ्या भविष्याच्या पोथ्या तयार होतात. १८९७ सालीं मुंबईच्या वेंकटेश्वर छापखान्यांत छापलेल्या भविष्यपुराणांत अकबर आहे, कलकत्त्याचे इंग्रजहि आहेत. घडून गेलेल्या गोष्टी पुढें घडणार म्हणून सांगण्याची ही कला आपल्याकडे जुनी आहे. तींतली चतुराई मान्य करूनहि आम्ही म्हणूं कीं, तळीयेसारख्या ठिकाणीं ती क्रूर होते. जो दिवस आधींच लिहिलेला होता असें ठरतें, त्या दिवसाबद्दल कोणालाहि कांहीं विचारतां येत नाहीं. उताराविषयीं नाहीं, रस्त्याविषयीं नाहीं, उशिरा पोंचलेल्या मदतीविषयींहि नाहीं.

महाड तालुक्यांतच शिवथरघळ आहे. दासबोधाचें लेखन समर्थांनीं येथें कल्याणांकडून करविलें अशी परंपरा असून, धुळ्याचे शंकर श्रीकृष्ण देव यांनीं १९३० सालीं ही घळ लोकांपुढें आणली. तेव्हां या तालुक्याची स्वतःची अशी जी पोथी, तींत काळाविषयीं काय आहे तें पाहणें ओघानेंच आलें. बाराव्या दशकाचा आठवा समास काळरूपाचा आहे. काळ सर्वांस खातो असें म्हणतात, पण तो काळ आहे तरी कोठें, याचा तेथें शोध केला आहे. निराकारांत त्यास जागा नाहीं. विकार झाला, घडामोड सुरू झाली, म्हणजे तिलाच काळ म्हणावयाचें. उष्णकाळ, शीतकाळ, पर्जन्यकाळ, दुष्काळ हीं सगळीं घडामोडीचींच नांवें. काळ म्हणून वेगळा कोणी खाणारा बसलेला नाहीं. त्याच्या पुढचाच समास यत्नाचा आहे. हा क्रम समर्थांनीं मुद्दाम लाविला कीं सहज लागला, यावर आम्ही वाद घालीत नाहीं.

घडामोड म्हणजे काळ, हें धरून चाललें तर तळीयेच्या डोंगराचा काळ त्या डोंगरांतच मोजला पाहिजे. काळा कातळ झिजून त्यावर माती व दगडगोटे यांचा थर साठतो. आषाढाचें पाणी त्यांत मुरतें. मुरलेलें पाणी कातळावर अडतें. थर जड होतो व त्याची पकड सुटते. उतारास भेगा पडणें, झाडें वांकणें, झर्‍याचें पाणी अचानक गढूळ होणें किंवा आटणें, हीं त्याचीं चिन्हें आहेत. भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणानें २०१४ नंतर देशांतल्या दरडप्रवण डोंगरांचे नकाशे करण्याचें मोठें काम हातीं घेतलें. ते नकाशे कोठें तें सांगतात. केव्हां तें सांगत नाहींत. केव्हां हें पावसाच्या मापावरून, व तेंहि फार तर एक-दोन दिवस आधीं, सांगण्याचा यत्न आतां कोठें सुरू झाला आहे. २०२४ च्या जुलैंत कोलकात्यास राष्ट्रीय भूस्खलन पूर्वानुमान केंद्र उघडलें; त्याचीं पत्रकें प्रथम दार्जिलिंग, कालिंपोंग व निलगिरि यांपुरतीं होतीं. सह्याद्रीचें पाऊसमान वेगळें, माती वेगळी. दार्जिलिंगचे आंकडे उचलून महाडास लावतां येणार नाहींत. येथेंहि कोणीतरी सौर, ब्राह्म आणि आर्य समोर ठेवून नऊ कला वजा करीत बसलें पाहिजे. आणि त्यासाठीं प्रत्येक खोर्‍यांत पाऊस मोजणारें माणूस व तें माप कळविणारी तार तुटतां कामा नये. २२ जुलैला ती तुटली होती.

त्या वृद्ध गृहस्थांस आम्हीं पत्र लिहिलें. पुण्याच्या कपाटांत काळाच्या पोथ्या पुष्कळ आहेत, व त्यांतली सर्वांत चांगली आपल्याच जिल्ह्यांतल्या नांदगांवच्या माणसाची आहे, हें कळविलें. आपण विचारलेला दिवस तिच्या रीतीनें काढतां येतो, तोहि कळविला: शके १९४३, प्लव संवत्सर, आषाढ शुद्ध त्रयोदशी, गुरुवार, सूर्य पुष्य नक्षत्रीं, दुपारीं त्रयोदशी संपून चतुर्दशी लागली, आणि डोंगर आला तो चतुर्दशी लागल्यानंतर. याहून अधिक त्या पोथींत कांहीं नाहीं; तें असल्याचें तिच्या कर्त्यानेंहि कधीं म्हटलेलें नाहीं. पत्राचें उत्तर आलें. त्यांनीं पोथीविषयीं पुन्हां कांहीं विचारलें नव्हतें. त्रयोदशी नक्की किती वाजतां संपली, एवढेंच विचारलें होतें. दरसालच्या श्राद्धाची तिथि त्रयोदशी धरावी कीं चतुर्दशी, याबद्दल घरांत एकमत होत नव्हतें. दुपारीं दीडच्या सुमारास, असें आम्हीं कळविलें.